ल्यूथर व्हँड्रॉस नक्की कोण होता? केंड्रिक लामारच्या ‘ल्यूथर’मुळे नाव कळलं, पण त्याची गाणी फार संथ वाटली. एवढं कौतुक कशासाठी?

तुमची तक्रार मला मान्य आहे. पहिल्या ऐकण्यात तो संथच वाटतो. पण मी सुगम संगीताच्या कार्यक्रमांत कोरसला उभा राहणारा माणूस आहे, म्हणून तुम्हाला वेगळ्या दाराने आत नेतो. ल्यूथर व्हँड्रॉस कळायचा असेल तर मुख्य आवाज थोडा वेळ बाजूला ठेवा आणि मागचे आवाज ऐका. हा अमेरिकन गायक मूळचा कोरसवाला. स्वतःच्या नावाचा पहिला अल्बम येईपर्यंत त्याने तिशी गाठली होती.

आधी केंड्रिकचा धागा. हा रॅपर आणि गायिका सिझा यांच्या त्या गाण्यात जो जुना तुकडा वाजतो तो ल्यूथर आणि शेरिल लिन यांनी 1982 मध्ये गायलेल्या ‘इफ धिस वर्ल्ड वेअर माइन’चा. तेही मूळ गाणं नव्हे. मूळ गाणं मार्विन गे आणि टॅमी टेरेलचं, 1967 चं. दुसऱ्याचं गाणं घेऊन ते स्वतःचं करून टाकणं ही ल्यूथरची खासियत, तिच्याकडे पुढे येतोच.

जन्म न्यूयॉर्कचा, 20 एप्रिल 1951. वडील खुर्च्या-सोफ्यांना गाद्या-कापड चढवण्याचं काम करायचे आणि गायचेही. ल्यूथर आठ वर्षांचा असताना ते मधुमेहाने गेले. मोठी बहीण पॅट्रिशिया ‘द क्रेस्ट्स’ या गटात गात होती, म्हणजे घरात गाण्याची ये-जा होतीच. पण त्याचे खरे गुरू म्हणजे गायिका : अरीथा फ्रँकलिन, पॅटी लाबेल, डायॉन वॉरविक. शाळकरी वयात त्याने डायॉनला ब्रुकलिनच्या फॉक्स थिएटरात ऐकलं आणि आपणही हेच करायचं असं ठरवून टाकलं. पॅटी लाबेलच्या चाहत्यांच्या मंडळाचा तर तो अध्यक्ष होता. त्या काळातले बरेचसे सोल (कृष्णवर्णीयांच्या चर्चमधल्या गाण्यातून आलेलं भावनाप्रधान संगीत) गायक चर्चमधल्या पुरुषी, खरखरीत, आर्जवाने ओरडणाऱ्या शैलीतून आले होते. ल्यूथरचा आवाज मऊ का, याचं उत्तर मला या तीन बायकांत सापडतं.

आता 1974. त्याचा लहानपणापासूनचा मित्र, गिटारवादक कार्लोस अलोमार, इंग्रज रॉक गायक डेव्हिड बोवीबरोबर फिलाडेल्फियाच्या सिग्मा साउंड स्टुडिओत ‘यंग अमेरिकन्स’ अल्बमवर काम करत होता. ल्यूथर तिथे नुसता बघायला गेला होता. बसल्या बसल्या त्याला शीर्षकगीताच्या मुखड्याला मागून आवाज कसे लावता येतील ते सुचलं, आणि तो ते शेजारी बसलेल्या गायिका रॉबिन क्लार्कला हळू आवाजात गाऊन दाखवू लागला. बोवीच्या कानावर ते पडलं आणि त्याने दोघांना थेट माइकसमोर उभं केलं. त्या अल्बममधल्या मागच्या आवाजांची रचना ल्यूथरची आहे, आणि ‘फॅसिनेशन’ हे गाणं त्याच्याच एका गाण्यावरून झालं. मुखड्यात मुख्य गायकाच्या पाठीशी जी मंडळी उसळून येतात ती एकदा नीट ऐका. नुसती साथ म्हणून सोडून देता येईल असं ते काम नाही. ते आवाज काढून टाकले तर गाणं अर्धंच उरेल.

त्यानंतर न्यूयॉर्कच्या स्टुडिओंमध्ये तो कोरसचा हुकमी एक्का झाला. बेट मिडलर, रॉबर्टा फ्लॅक, ‘शीक’ हा डिस्को गट, सगळ्यांच्या मागे तो गायला. ‘ल फ्रीक’वर तुमचे आईवडील नाचले असतील तर त्यांनी ल्यूथर ऐकलेला आहे, फक्त नाव माहीत नसेल. जोडीला जाहिरातींच्या जिंगल्स, आणि त्यात पैसा उत्तम होता. मधल्या काळात ‘ल्यूथर’ नावाचाच गट काढून दोन अल्बम करून पाहिले, ते चालले नाहीत. पुढे नाव झाल्यावर त्यानेच त्यांचे हक्क विकत घेऊन ते बाजारात येऊ दिले नाहीत. हे जरा अती वाटतं खरं, पण स्वतःच्या आवाजाबद्दल तो असाच काटेकोर होता.

1980 मध्ये ‘चेंज’ या गटासाठी गायलेल्या ‘द ग्लो ऑफ लव्ह’ने लोक विचारू लागले, हा आवाज कोणाचा? पण स्वतंत्र अल्बमसाठी त्याची अट होती की निर्मितीही मीच करणार. नवख्याला ही मोकळीक कोण देणार? शेवटी जिंगल्सच्या कमाईतून त्याने गाणी रेकॉर्ड केली आणि ती घेऊन तो कंपन्यांकडे गेला. एपिक या रेकॉर्ड कंपनीने घेतली. 1981 चा ‘नेव्हर टू मच’ तो हाच. शीर्षकगीत आर अँड बी (कृष्णवर्णीय लोकप्रिय संगीत) यादीत पहिल्या क्रमांकावर गेलं. मार्कस मिलरचा बास त्यात असा उड्या मारत चालतो की तुमची संथपणाची तक्रार निदान या गाण्यापुरती तरी मागे घ्यावी लागेल.

त्याच अल्बमचं शेवटचं गाणं ‘अ हाउस इज नॉट अ होम’. बर्ट बॅकरॅक आणि हॅल डेव्हिडचं, 1964 मध्ये डायॉन वॉरविकने गायलेलं. डायॉन ते तीनेक मिनिटांत संपवते. ल्यूथरला सात मिनिटं लागतात. वाढीव वेळ कुठे जातो ते बघण्यासारखं आहे. खुर्ची खुर्चीच असते, कोणी बसलेलं नसलं तरी, अशी साधी सुरुवात. इथे तो शब्द नुसता उच्चारून पुढे जात नाही. एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जातो, मध्ये थांबतो, आणि आता श्वास घेईल असं वाटतं तिथे घेत नाही. आपल्याकडे जाणकार ज्याला ‘जागा’ म्हणतात तशा जागा ओळीओळीत आहेत. शेवटी तर गाण्याचे शब्द संपतात, तरी हा निघत नाही. ‘अजूनही तुझं प्रेम आहे ना’ या अर्थाच्या एका ओळीवर रेंगाळतो, ती उलटसुलट करून पाहतो, दर वेळी थोडी वेगळी. आवाज मात्र फारसा चढवत नाही. विनवणी करणाऱ्याने ओरडायचं नसतं, हे त्याला बरोबर कळलं होतं. 1988 मध्ये एका पुरस्कार सोहळ्यात डायॉनला समोर बसवून त्याने हे गायलं, तेव्हा तिला रडू आवरेना. त्याची चित्रफीत सहज मिळते.

ऐंशीचं दशक त्याचंच. 1982 मध्ये अरीथासाठी ‘जंप टु इट’ची निर्मिती केली, आणि बरीच वर्षं मागे पडलेल्या अरीथाला पुन्हा मोठं यश मिळालं. ज्या गायिकेला ऐकत वाढलो तिलाच सूचना द्यायच्या, कल्पना करा! त्याच्या स्वतःच्या मैफलींत मागे उभ्या राहणाऱ्यांना तो कधीही अंधारात ठेवत नसे. झगमगीत पोशाख, नेमून दिलेल्या हालचाली, पुढे येऊन गाण्याची संधी. पुढे रोलिंग स्टोन्सबरोबर गाजलेली लिसा फिशर त्याच्याकडूनच पुढे आली. मला हा माणूस सर्वांत जास्त आवडतो तो यासाठी.

बोच एकच होती. कृष्णवर्णीय श्रोत्यांत राजा, पण सगळ्या अमेरिकेच्या पॉप यादीत पहिला क्रमांक काही मिळेना. पहिलं ग्रॅमी ‘हिअर अँड नाउ’साठी, तेही नव्वदच्या दशकात. मारिया कॅरीबरोबरचं ‘एंडलेस लव्ह’ 1994 मध्ये दुसऱ्या क्रमांकावर अडलं. वजन भराभर वाढायचं, उतरायचं, आणि त्यावरून जाहीर टिंगल व्हायची. घराण्यात मधुमेह होताच. लग्न केलं नाही. खासगी आयुष्यात त्याने कोणाला शिरू दिलं नाही, तर मीही शिरत नाही.

एप्रिल 2003 मध्ये त्याला पक्षाघाताचा झटका आला. वडिलांवरचं ‘डान्स विथ माय फादर’ हे गाणं गायक-गीतकार रिचर्ड मार्क्सबरोबर लिहून, रेकॉर्ड करून झालं होतं. जूनमध्ये अल्बम निघाला आणि थेट पहिल्या क्रमांकावर गेला, आयुष्यात पहिल्यांदाच. गायक तेव्हा रुग्णालयात होता. 2004 च्या ग्रॅमीत चार पुरस्कार मिळाले, त्यात वर्षातल्या सर्वोत्कृष्ट गीताचाही. मंचावर तो येऊ शकला नाही, ध्वनिचित्रफितीतून दिसला. 1 जुलै 2005 रोजी तो गेला, वय 54. आई मात्र मागे राहिली. चारही मुलं तिच्या डोळ्यांदेखत गेली.

आता तुमच्यासाठी क्रम. आधी ‘नेव्हर टू मच’, म्हणजे संथपणाची भीती जाईल. मग ‘द ग्लो ऑफ लव्ह’. मग 1983 चं ‘सुपरस्टार’, जे तुम्ही कदाचित कार्पेंटर्सच्या आवाजात ऐकलं असेल. ‘अ हाउस इज नॉट अ होम’ रात्री, हेडफोन लावून, आणि मध्ये पुढे न ढकलता. 1994 च्या ‘साँग्ज’ या अल्बमपासून मात्र सुरुवात करू नका. तो फार गुळगुळीत आहे, आणि तुमचं मत आहे तेच पक्कं होईल.