जामिनावर सुटून तारखांना न गेलेला आरोपी स्वतःहून कोर्टात हजर झाला, तर पुन्हा जामीन मिळतो का?

तुम्ही लिहिलंय की धाकटा भाऊ २०१९ च्या मारामारीच्या केसमध्ये जामिनावर सुटला, कामासाठी परगावी गेला, तारखा चुकत गेल्या आणि आता त्याच्या नावे अजामीनपात्र वॉरंट आहे. मी फौजदारी वकिली करतो. जामीन मिळू शकतो, पण पोलिसांनी उचलण्याआधी त्याने स्वतः जायला हवं. हा फरक कोर्ट खरोखर बघतं.

'अजामीनपात्र' म्हणजे जामीन नाहीच, असं समजून लोक आणखी लांब पळतात. त्याचा अर्थ एवढाच की पकडल्यावर पोलीस त्याला ठाण्यातून सोडू शकत नाहीत, कोर्टापुढे न्यावं लागतं. सोडायचं की नाही, ते कोर्ट ठरवतं. आणि चार-पाच वर्षांत वॉरंट आपोआप संपतं, हा समज तर साफ चुकीचा. कोर्ट रद्द करीपर्यंत किंवा बजावणी होईपर्यंत ते जिवंत राहतं (जुनी फौजदारी प्रक्रिया संहिता, म्हणजे सीआरपीसी, कलम ७०(२); आता तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं, म्हणजे बीएनएसएसचं, कलम ७२(२)).

आधी वकिलाकडून केसचा रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं याची नोंद, बघून घ्या. नुसतं वॉरंट असेल तर गोष्ट तुलनेने सोपी आहे. पण फरारीचा जाहीरनामा निघाला असेल, तर हजर व्हायला दिलेली किमान ३० दिवसांची मुदत संपलीय का, मालमत्ता जप्तीचा हुकूम झालाय का, हे कळलं पाहिजे. अशा माणसाला सहसा अटकपूर्व जामीन देऊ नये, असं सर्वोच्च न्यायालयाने लवेश खटल्यात २०१२ मध्ये सांगितलंय, म्हणून त्या अर्जात महिने घालवू नका. शिवाय जाहीरनाम्यानंतरही न येणं हा वेगळा गुन्हा आहे, त्याला ३ वर्षांपर्यंत शिक्षा होऊ शकते.

जामिनासाठी आधी पोलिसांकडून अटक व्हावी लागते, असंही नाही. आरोपी कोर्टापुढे शरण आला की तो कोर्टाच्या ताब्यात आला, हे निरंजन सिंग खटल्यात १९८० मध्येच स्पष्ट झालंय. वॉरंट रद्द करण्याचा आणि जामिनाचा, दोन्ही अर्ज तयार ठेवून त्याने सकाळी कोर्ट बसतानाच जावं. दुपारनंतर गेलं, जामीनदाराची कागदपत्रं अपुरी निघाली, की ती रात्र तुरुंगात जाते.

"इतके दिवस कुठे होता?" हा प्रश्न येणारच. खरं सांगावं. माझ्या एका अशिलाने, "मजुरी बुडत होती, नंतर भीती वाटायला लागली" एवढंच सांगितलं आणि कामाच्या हजेरीचे कागद दाखवले. कोर्टाने दंड भरून घेऊन त्याला नव्या जामीनदारावर सोडलं. आजारपणाचा खोटा दाखला मात्र कधीही लावू नका. तो उघडा पडला तर पुढच्या कोर्टातही भावावर कोणी विश्वास ठेवणार नाही. खालच्या कोर्टाने नाकारलं तर सत्र न्यायालयात अर्ज करता येतो, पण तोवर काही दिवस आत राहावं लागेल याची घरच्यांनी तयारी ठेवावी. नेहमीची औषधं असतील तर डॉक्टरांच्या चिठ्ठीसह त्याच्यासोबत द्या.

आणि जुन्या जामीनदाराला आजच जाऊन भेटा. भाऊ गैरहजर राहिल्याने मुचलक्याची (तो हजर राहील या लेखी हमीची) रक्कम का वसूल करू नये, अशी नोटीस त्याला येऊ शकते किंवा आलीही असेल. भाऊ हजर झाल्यावर ती रक्कम कमी करून मागता येते, त्यासाठी जामीनदाराचाही अर्ज त्याच दिवशी द्या.