जुन्या अमेरिकेच्या ओढीने येताय तर

नवऱ्याला डेट्रॉइटजवळ नोकरी लागलीय, मुलगी तिसरीत आहे आणि १९१०-२० च्या अमेरिकेचे फोटो बघून तुम्हाला पोर्चवाल्या घरांच्या छोट्या गावातच राहायचंय. तसं गाव निवडू का, असं विचारलंत. व्हिसाचं सगळं सरकारी साइटवर आहे, ते सोडते.

ती ओढ मलाही आहे. आमच्या गल्लीत एक सिअर्सचं घर आहे. १९०८ ते १९४० सिअर्स ही कंपनी कॅटलॉगमधून अख्खी घरं विकायची. लाकूड, खिळे, रंग, सगळं रेल्वेने यायचं. त्या घराच्या तळघरात तुळयांवरचे, जोडणीसाठी छापलेले अक्षर-आकडे अजून वाचता येतात. तिथल्या आजींनी आपल्या आईचं बर्फवाल्याचं कार्ड जपलंय. चार बाजूंना २५, ५०, ७५, १०० असे पौंड. हवा तो आकडा वर करून खिडकीत लावायचं, की बर्फवाला तेवढी लादी थेट स्वयंपाकघरात आणून ठेवायचा. दारावर माणसं येण्याचा तो काळ मला फार हवासा वाटतो. पोर्च आजही आहेत, पण शेजारी गाडीतून गॅरेजमध्ये आणि तिथूनच घरात जातात.

आता शाळेचं. माझ्या मुलीच्या वर्गात ‘शंभर वर्षांपूर्वी’ असा दिवस होता. घरी कागद आला: तुमचं कुटुंब कोणत्या बोटीने आलं? इथे काय काम करायचं? तिने जागा कोरी ठेवली. कागद ‘अपूर्ण’ असा शेरा घेऊन परत आला. मी बाईंना भेटले, त्या गोड बोलल्या, शेरा तसाच राहिला. अजून सलतं.

ती जागा कोरी का, हे त्या वर्गात कुणीच सांगितलं नाही. १९१७ च्या कायद्याने भारतीय माणसाचं इथे येणं जवळपास बंद केलं. पंजाबातून आलेले भगतसिंग थिंद अमेरिकेच्या सैन्यात होते, तरी १९२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने ते ‘गोरे’ नाहीत म्हणून त्यांना नागरिकत्व नाकारलं. आपल्याला ते दार १९४६ मध्ये उघडलं. आम्ही अजून ग्रीन कार्डच्या रांगेत आहोत. रांग कोणत्या तारखेपर्यंत आली ते सांगणारं सरकारी व्हिसा बुलेटिन दर महिन्याला उघडते. तारीख कधी सरकते, कधी चक्क मागे जाते, आणि मला थिंद आठवतात.

एकटेपणाचंही विचारलंत. असतो. मंडळाचा गणपती असतो, चार घरं जोडली जातात.

छोटं गाव खुशाल घ्या. मात्र घर ठरवण्याआधी शाळेत जाऊन इतिहास कसा शिकवतात ते विचारा. आणि तसा कागद आलाच, तर पणजोबा तेव्हा कुठे होते, काय करत होते ते मुलीला सविस्तर लिहू द्या. ओळी पुरल्या नाहीत तर पुरवणी जोडा.