बिनलग्नाची बाई आणि मंडळीचं रजिस्टर

मावशी, प्रभूमध्ये सलाम. मी खानापूर तालुक्यातली, वय ३७. बेळगावात एका दवाखान्यात स्टाफ नर्स आहे. बाबांना जाऊन नऊ वर्षं झाली, आई माझ्याजवळ असते, भाऊ पुण्याला. स्थळं आली आणि गेली, पण लग्न करावं असं मनापासून कधी वाटलंच नाही. प्रेमभंग वगैरे काही नाही. आता मिरजेकडचं एक स्थळ आलंय. ४६ वर्षांचे विधुर, दोन मुलं. पाळकबाई म्हणतात, ही देवाची इच्छा, नाही म्हणू नकोस. पाळकसाहेब म्हणतात, एकटं राहायचं कृपादान, म्हणजे देवानं दिलेली देणगी, असेल तर राहा, नसेल तर लग्न कर. ते आहे की नाही हे ओळखायचं कसं? कन्नड उपासनेतल्या बायका ‘मदुवी आतेनु?’ (लग्न झालं का?) म्हणून विचारतात, मराठीतल्या ‘अजून नाही होय?’ म्हणून. मंडळीच्या, म्हणजे चर्चच्या, वर्गणीची पावती अजून बाबांच्या नावानं फाडतात, कारण रजिस्टरला कुटुंबप्रमुख लागतो. भाऊ म्हणतो, तुझं एकदा झालं की गावचं घर काढून टाकू. आई रडते, ‘माझ्यामागं तुझं कोण?’ मी स्वार्थी आहे का? अशा जगण्याला देवापुढं काही किंमत आहे का?
— एक बहीण

प्रिय मुली,

स्वार्थाचं आधी उरकते, कारण त्यात फार बोलण्यासारखं नाही. लग्न न करणं हे पापही नाही आणि स्वार्थही नाही. बायबलात प्रेषित पौलानं करिंथकरांना लिहिलेल्या पहिल्या पत्राचा सातवा अध्याय उघड. लग्न करून देणारा चांगलं करतो, न देणारा अधिक चांगलं करतो, असं पौल सरळ लिहितो, आणि ते लिहिताना तो स्वतः बिनबायकोचा होता. येशूनं लग्न केलं नाही. यिर्मया संदेष्ट्याला तर देवानंच बायको करू नकोस म्हणून सांगितलं. फिलिप्पाला चार अविवाहित मुली होत्या आणि चौघीही देवाचा संदेश देत, असं प्रेषितांच्या कृत्यांत आहे. त्यांच्या गावच्या, कैसरियातल्या, बायकांनी त्यांना ‘अजून नाही होय?’ विचारलं असेलही, पण ते पुस्तक लिहिणाऱ्या लूकला ते लिहून ठेवण्याइतकं महत्त्वाचं वाटलं नाही.

पाळकसाहेबांचं म्हणणं मात्र मला खटकलं. त्यांच्या मनात वाईट काही नसणार. पण ते ज्या वचनावरून बोलतात ते नीट वाच. प्रत्येकाला देवापासून आपापलं कृपादान आहे, एकाला एका प्रकारचं, दुसऱ्याला दुसऱ्या प्रकारचं, असं पौल म्हणतो. म्हणजे लग्न हेसुद्धा कृपादानच झालं की. मग पांढरी साडी नेसून वेदीपुढं उभ्या राहिलेल्या मुलीला कुणी कधी विचारलंय, ‘बाई, तुला लग्नाचं कृपादान आहे का, पुरावा दाखव’? तिचं लग्न लागतं, आणि नवऱ्याबरोबर राहायला लागणारी कृपा तिला पुढं रोजच्या रोज मागून घ्यावी लागते. तुझंही तसंच. आज तू अविवाहित आहेस, तर आज त्यासाठी लागणारी कृपा मागायची. दहा वर्षांनंतरचा दाखला आजच आणून दाखवायची गरज नाही.

‘जळण्यापेक्षा लग्न केलेलं बरं’ हे वचनही तुझ्यापुढं कुणीतरी टाकेल. ते ज्यांना स्वतःला आवरता येत नाही त्यांच्यासाठी लिहिलंय. रात्रपाळी करून आलीस, आई झोपलेली आहे, ओट्याशी उभ्यानं चहा पितेस आणि कुणीतरी जवळ असावं असं वाटून घशाशी येतं, एवढ्यावरून कृपादान नाही असं ठरत नाही. माझी नातवंडं शाळेत जातात आणि नवरा पलीकडच्या खोलीत असतो, तरी मला हे होतं. शरीराची ओढही देवानंच दिलेली आहे, ती जाणवली म्हणून पाप झालं असं समजू नकोस. आणि तू काही शपथ घेतलेली नाहीस. तुमच्यावर फास टाकायला मी हे लिहीत नाही, असं त्याच अध्यायात पौल स्पष्ट सांगतो. लग्नाचा फास नको, तसा एकटेपणाच्या प्रतिज्ञेचाही नको.

आता किंमत. यशया ५६ मध्ये एक जागा आहे, ती आपल्याकडं उपदेशात फारशी येत नाही. ज्यांना मूलबाळ होणं शक्यच नव्हतं अशा खोजांना देव सांगतो, मी वाळकं झाड आहे असं म्हणू नका. मी माझ्या घरात, माझ्या भिंतींच्या आत तुम्हाला मुलामुलींपेक्षा चांगलं नाव देईन, कधी पुसलं जाणार नाही असं. त्या काळी लेकराशिवाय माणसाचं नाव राहायचं नाही. आपल्याकडं तरी आज काय वेगळं आहे? बाई आधी बापाच्या नावानं, मग नवऱ्याच्या नावानं आणि म्हातारपणी मुलाच्या नावानं ओळखली जाते. पुनरुत्थानानंतर कुणी लग्न करत नाही नि करून देत नाही, असं येशू सदूक्यांना, म्हणजे पुनरुत्थान न मानणाऱ्या यहुदी पंथाच्या लोकांना, म्हणाला. म्हणजे लग्न या जगापुरतं आहे, आणि माणसाची देवापुढची ओळख त्यावर टेकलेली नाही. हे सगळ्यांनाच लागू आहे, पण संसाराच्या गलबल्यात आम्ही विसरतो. मंडळीत समाधानानं राहणारी एखादी बिनलग्नाची बाई असली की ते आम्हाला डोळ्यांनी दिसतं. तुझ्या जगण्याची ही किंमत आहे, आणि ती तुझ्या एकटीच्या कामाची नाही, आम्हा सगळ्यांच्या कामाची आहे.

म्हणूनच तुझ्या पत्रातली पावतीची ओळ मला सगळ्यात जास्त लागली. देवाच्या घरात तुला स्वतःचं नाव आहे, आणि मंडळीच्या रजिस्टरात रकाना नाही! पगार तुझा, वर्गणी तुझी, आणि पावती नऊ वर्षांपूर्वी वारलेल्या माणसाच्या नावानं.

हे असं का झालं, त्याचं एक कारण जुनं आहे. मार्टिन लूथर स्वतः मठातला. १५२५ साली त्यानं काथरिना फॉन बोरा या मठातून बाहेर पडलेल्या बाईशी लग्न केलं. लग्न म्हणजे कमी दर्जाची भक्ती, हा समज त्या लोकांनी मोडला ते बरंच केलं. लग्न न करण्याच्या सक्तीच्या शपथा गेल्या, तेही बरं झालं. पण प्रोटेस्टंट मुलखात मठ बंद झाले आणि लग्न न करणाऱ्या बाईला उभं राहायला जी एक मान्य जागा होती ती गेली. उरली फक्त ‘व्हायचं राहिलेली’ बाई. बेळगावच्या कॅथलिक धर्मप्रांतातली एखादी सिस्टर खडेबाजारातून चालली तर तिला कुणी स्थळ सुचवत नाही. तू त्याच रस्त्यानं गेलीस तर दोन सुचवतील. मात्र सिस्टरांचा हेवा करण्याआधी एवढं बघ, की त्यांना राहायला घर आहे, जेवायला पंगत आहे, आजारपणात उशाशी बसणारं माणूस आहे. तुला हे सगळं स्वतः उभं करायचं आहे.

आपल्या आठवणीत मात्र अशा बाया कमी नाहीत. लंडन मिशननं १८२० मध्ये बेळगावात काम सुरू केलं आणि १९०४ मध्ये ते मेथडिस्टांकडं आलं. त्या मेथडिस्टांच्या स्त्रियांच्या मिशनरी सोसायटीनं हिंदुस्थानात पाठवलेल्या पहिल्या दोघी, इझाबेला थोबर्न आणि डॉक्टर क्लारा स्वेन, दोघीही अविवाहित. वेल्लोरचं हॉस्पिटल उभं करणाऱ्या आयडा स्कडर अविवाहित. केडगावला पंडिता रमाबाईंचा मुक्ती मिशनचा भार उचलणारी त्यांची मुलगी मनोरमा, तीही अविवाहित. आपल्या कितीतरी आज्या-पणज्या कुठल्या ना कुठल्या मिसबाईकडं लिहायला-वाचायला शिकल्या. वर्धापनदिनाला याच बायांचे फोटो लावून आपण हार घालतो, आणि उपासना सुटल्यावर दाराशी उभं राहून तुला विचारतो, ‘मदुवी आतेनु?’

एक मात्र नीट ध्यानात ठेव, नाहीतर यातून दुसरंच गळ्यात पडेल. अविवाहित माणूस प्रभूच्या गोष्टींची चिंता करतो, हे पौलाचं वाक्य मंडळ्या फार सोयीनं वापरतात. संडे स्कूल तुझं, नाताळचं नाटक तुझं, बाहेरगावच्या पाहुण्या उपदेशकाचं जेवण तुझं, ‘तुला काय, ना नवरा ना पोरं!’ तुझी आठवड्याची नाइट ड्युटी कुणी मोजत नाही. पौल एकाग्र मनाबद्दल बोलतोय, फुकटच्या मनुष्यबळाबद्दल नाही. जे काम तुला आवडतं ते एक धर, बाकीच्यांना नाही म्हण. दुपारी झोपावंसं वाटलं तर झोप. लग्न न करण्याची भरपाई म्हणून तुला काहीही करून दाखवायचं नाही.

‘मनुष्य एकटा असावा हे बरं नाही’, हे उत्पत्तीतलं वचन आई नक्की ऐकवत असेल. वचन खरंच आहे. पण अविवाहित माणूस एकटाच असतो असं त्यात कुठं आहे? येशूला बायको नव्हती, पण बेथानीला मार्था, मरिया आणि लाजराचं घर होतं. तिथं तो जेवायचा, थकला की जायचा. वधस्तंभावरून त्यानं आईला एका शिष्याच्या हवाली केलं, आणि त्या घटकेपासून त्या शिष्यानं तिला आपल्या घरी नेलं. ज्यानं माझ्यासाठी घरदार सोडलं त्याला याच जगात शंभरपट घरं, भाऊ, बहिणी, आया मिळतील, असं त्यानं वचन दिलं. ती घरं आकाशातून पडायची नाहीत, मंडळीनंच दारं उघडली तर मिळतील. तेव्हा हे पत्र तुझ्या पाळकबाईंच्या वाचनात आलं तर त्यांना माझं सांगणं आहे: स्थळ शोधायला जेवढे फोन केलेत, त्यातला एक फोन रविवारी जेवायला ये म्हणून करा.

तूही वाट बघत बसू नकोस. बेळगावात अशी दोन घरं धर जिथं न विचारता जाता येईल. एका घराकडं तुझ्या खोलीची किल्ली ठेव. कुणाच्या तरी पोराची मावशी हो, नुसती नावाची नाही, गृहपाठ घेणारी आणि कान पिळणारी.

मिरजेच्या स्थळाचं. त्या माणसात काही खोट आहे असं तू लिहिलेलं नाहीस, तेव्हा मीही काढत नाही. स्वतःला एवढंच विचार: आईची काळजी मिटली, लोकांनी विचारायचं सोडलं, तरी या माणसाशी संसार करावासा वाटेल का? वाटत असेल तर एकदा भेट, मुलांनाही भेट. वाटत नसेल तर याच आठवड्यात नाही कळव. त्या दोन पोरांची आई गेलीय. त्यांच्या घरात जी येईल ती त्यांच्यासाठी यावी, तुझ्या मंडळीतल्या बायकांची तोंडं बंद करायला नको. नकार पाळकबाईंमार्फत पाठवू नकोस, कारण तो पोचेपर्यंत ‘विचार करतेय’ असा होऊन जाईल. आईनं किंवा तू स्वतः फोन कर. कारण द्यायला बांधील नाहीस. आणि देवाची इच्छा पाळकबाईंना कळली असेल तर ती तुलाही कळायला हरकत नसावी, लग्न तुझं आहे.

राहिला भाऊ आणि आईचा प्रश्न, ‘माझ्यामागं तुझं कोण?’ आईची भीती खरी आहे. ती वचनं सांगून जाणार नाही, कागदपत्रं दाखवून थोडी जाईल. घर बाबांच्या नावावर होतं आणि त्यांनी मृत्युपत्र केलं नसेल, तर आपल्याला, म्हणजे ख्रिस्ती लोकांना, १९२५ चा भारतीय वारसा कायदा लागतो. त्याप्रमाणं एक तृतीयांश आईचं, आणि उरलेल्या दोन तृतीयांशांत मुलगा-मुलगी सारखे. तुम्ही दोघंच भावंडं असाल तर तिघांचाही हिस्सा सारखाच पडतो. लग्न झालं म्हणून तुझा हिस्सा जात नाही, न झालं म्हणून वाढत नाही. ‘घर काढून टाकू’ हा भावाच्या एकट्याचा निर्णय नाही, आणि तुझ्या लग्नाशी त्याचा काही संबंधही नाही. भांडू नकोस, पण बेळगावातल्या एखाद्या वकिलाला सातबारा किंवा उतारा दाखवून ये, आणि समजल्याशिवाय कशावरही सही करू नकोस.

स्वतःचं मृत्युपत्रही कर. ३७ व्या वर्षी कसलं मृत्युपत्र, असं म्हणू नकोस, वॉर्डात रोज काय बघतेस ते मला सांगायला नको. ते केलं नाहीस आणि तुझं काही बरंवाईट झालं, तर तुझं सगळं आई आणि भावात सारखं वाटलं जाईल, आणि आईला किती लागेल हे कुणी विचारणार नाही. साधा कागद चालतो, स्टँप लागत नाही, नोंदणी सक्तीची नाही. दोन साक्षीदार लागतात, आणि ज्यांना काही द्यायचं आहे त्यांना साक्षीला घेऊ नकोस, घेतलंस तर त्यांना दिलेलं रद्द होतं. आजारपणात तुझ्या वतीनं डॉक्टरांशी कोण बोलेल, हेही त्या दोन घरांपैकी एकाला आताच सांगून ठेव. आईला हे सगळं वाचून दाखव. तिच्या प्रश्नाला नावानिशी उत्तर मिळू दे.

आणि त्याच कायद्यात असंही आहे, की ख्रिस्ती माणसानं मृत्युपत्र केल्यानंतर लग्न केलं तर ते मृत्युपत्र आपोआप रद्द होतं. तेव्हा उद्या मन बदललं आणि प्रभूमध्ये कुणी भेटला, तर खुशाल लग्न कर, फक्त नवा कागद करायला विसरू नकोस. मला पत्रिका पाठव.