नक्षत्र बघून पेरणी करतात, हे अजून खरं आहे का?

अर्धं खरं आहे. "मृग निघाला की सगळीकडे पेरण्या सुरू होतात" असं सगळे म्हणतात, ते मात्र आमच्या सोलापूर जिल्ह्यातल्या मंगळवेढ्याकडं लागू नाही. इथं मृगाचा पाऊस आला तर आला. आमची काळी रानं पावसाळाभर मोकळी असतात. अधूनमधून कुळव (आडव्या पात्याचं अवजार) मारायचा, तण मोडायचं आणि पाणी मुरू द्यायचं. श्रावणात आलेले पाहुणे हमखास विचारतात, "औंदा पेरलं न्हाई व्हय?"

आमचं वर्ष उत्तरा-हस्तात उजाडतं. सूर्य एका नक्षत्रात 13-14 दिवस असतो. हस्त लागतो 27 सप्टेंबरच्या आसपास. याला हत्तीचा पाऊस म्हणतात. (पुनर्वसूचा तरणा, पुष्याचा म्हातारा, मघाचा सासूचा आणि पूर्वाचा सुनेचा. नक्षत्राचं वाहन बेडूक की गाढव, हेही घरोघरी पंचांगात बघतात. माझा त्यावर काडीचा विश्वास नाही, पण बघतो मीही.) या पावसावर मालदांडी ज्वारी पेरायची. पुढं काढणीपर्यंत सगळी मदार खाली मुरलेल्या ओलीवर.

पण पेरायचा दिवस नक्षत्र ठरवत नाही, वापसा ठरवतो, म्हणजे पावसानंतर रान पेरण्याजोगं सुकणं. आमचे आबा मूठभर माती घट्ट दाबून गोळा करायचे आणि कमरेएवढ्या उंचीवरून सोडायचे. गोळा फुटला तर तिफण (पेरणीचं अवजार) जुंपायची, नुसता चपटला तर घरी परत. एका वर्षी भाड्याचा ट्रॅक्टर आयता दारात आला म्हणून मी ओल्या रानातच पेरलं. चार दिवस कडक ऊन पडलं, वर खपली धरली आणि कोंब आतल्या आत वाकडे होऊन कुजले. दुबार पेरेपर्यंत चित्रा संपत आल्या होत्या आणि वरची ओल उडालेली. कणसं भरलीच नाहीत, कडबाही मांडीएवढाच झाला. आबा काही बोलले नाहीत, फक्त बांधावरनं एक ढेकूळ उचलून माझ्या हातात दिलं.

पेरल्यावर तीन कोळपण्या, म्हणजे पिकाच्या ओळींमधली माती हलवायची. शेवटची दातेरी कोळप्यानं, कारण थंडीत काळी जमीन भेगाळते आणि त्या बुजवल्या नाहीत तर असलेली ओलही उडून जाते.

मृगाला मग काय करता, असं विचाराल तर कुळवाची फास लोहाराकडून पाजवून आणतो.