विमान, युद्ध, पोलीस: मृत्यू समोर उभा असतानाच्या खऱ्या अनुभवांवरची कोणती पुस्तकं वाचावीत?

तिन्ही विषय हवे असतील, तर आधी फेथ जॉन्स्टन यांचं ‘फोर माइल्स टू फ्रीडम’ घ्या. १९७१च्या युद्धात पाकिस्तानच्या हाती लागलेले वैमानिक दिलीप परुळकर, ग्रेवाल आणि सिंहजी ऑगस्ट १९७२मध्ये रावळपिंडीच्या कैदेतून भिंत फोडून निसटले आणि अफगाण सरहद्द काही मैलांवर असताना लंडी कोतलला पकडले गेले. शेवट ठाऊक असूनही छाती धडधडते.

पोलिसांबद्दल विनीता कामटे यांचं (विनीता देशमुखांसोबत लिहिलेलं) ‘टू द लास्ट बुलेट’. २६/११च्या रात्री पोलीस अधिकारी असलेले पती अशोक कामटे यांच्याबाबत नेमकं काय घडलं, हे त्यांनी माहिती अधिकारात नोंदी मिळवून शोधलं. ही चिकाटीही मला शौर्यच वाटते.

प्रवासी विमानासाठी वैमानिक सलनबर्गर यांचं ‘हायेस्ट ड्यूटी’: २००९मध्ये त्यांनी विमान न्यूयॉर्कच्या हडसन नदीवर उतरवलं; आत १५५ जण, सगळे वाचले.