नखांवरच्या रेघा: उभ्या, आडव्या आणि काळजी करायच्या

मागच्या अंकात केस गळण्यावर लिहिताना नखांचा नुसता ओझरता उल्लेख आला होता, तर त्यावरच इतकी पत्रं आली की यावेळचा सगळा कॉलम नखांनाच देतेय. बऱ्याच जणांचा प्रश्न तोच आहे, नखांवर रेघा आल्यात, काय कमी पडतंय? म्हणून सारखी पत्रं एकत्र केलीत, थोडी छोटी केलीत आणि नेहमीसारखी नावं गाळलीत.

प्रश्न: माझं वय ६१. चार-पाच वर्षं झाली, दहाही बोटांच्या नखांवर उभ्या रेघा आल्यात, बोट फिरवलं की खरखर लागतं. शेजारच्या वहिनी म्हणाल्या कॅल्शियम कमी झालंय, म्हणून वर्षभर गोळ्या घेतल्या पण फरक शून्य. मुलगी फायलरने घासून गुळगुळीत करून देते, महिन्याभरात परत तसंच. मोठा आजार तर नसेल ना? (सांगली)

काकू, आधी घाबरणं थांबवा. साठीच्या आसपास दहाही नखांवर हळूहळू आलेल्या बारीक उभ्या रेघा म्हणजे आजार नाही, वयाचा भाग आहे. केस पांढरे होतात, चेहऱ्यावर सुरकुत्या येतात, त्यातलंच हे. काहींच्या घरात तर तिशी-पस्तिशीतच दिसायला लागतात.

हे होतं कसं ते सांगते, म्हणजे घासून का जात नाही ते पण कळेल. नख जिथे कातडीखालून बाहेर येतं ना, तिथे आत त्याचं मूळ असतं आणि नख तिथूनच तयार होऊन पुढे सरकत राहतं. सोऱ्यातून शेव पाडताना ताटलीच्या भोकाला एक खाच असली तर पडणाऱ्या अख्ख्या शेवेवर ती रेघ उमटत जाते, तसंच आहे हे. वय वाढलं की मूळ सगळीकडे सारखं काम करत नाही, कुठे जास्त कुठे कमी, आणि तो फरक उभ्या रेघेसारखा पुढे येत राहतो. वरून कितीही घासलं तरी मागून येणारं नख तसंच येणार. उलट घासून घासून नख पातळ होतं, मग ते टोकाला चिरतं, पापुद्रे सुटतात, कपड्यात अडकतं. पॉलिशपुरतं कधीतरी हलक्या हाताने बफर फिरवला तर ठीक, पण महिन्याच्या महिन्याला नको.

आता कॅल्शियम. हा समज इतका पक्का बसलाय की ओपीडीत रोज कोणीतरी बोलतंच. नख बनतं केराटिन नावाच्या प्रोटीनचं, त्यात कॅल्शियम अगदी नावापुरतं असतं, नखाचा कडकपणा त्याच्यावर अवलंबून नाही. मुलांच्या नखांवर पांढरे ठिपके दिसतात, त्यालाही लोक कॅल्शियम कमी म्हणतात, ते बहुतेक वेळा नखाच्या मुळापाशी कधीतरी बसलेल्या बारीक माराचे असतात आणि नख वाढलं की पुढे जाऊन कापले जातात. पण काकू, तुमच्या गोळ्या कोणी हाडांसाठी दिल्या असतील तर माझं वाचून बंद करू नका हां, आधी त्या डॉक्टरांना विचारा. नखांसाठी म्हणून त्यांचा उपयोग नाही एवढंच माझं म्हणणं.

रेघांसोबत दुसरं काही असेल तर मात्र तपासायला हवं. नखं चमच्यासारखी खोलगट झालीत का बघा, पाण्याचा थेंब नखावर ठेवला आणि तो ओघळून न जाता तिथेच बसला तर लोह कमी असल्याची शंका घ्यायची. सोबत दम लागणं, थकवा, केस गळणं असेल तर हिमोग्लोबिन, फेरिटिन आणि थायरॉइड करून घ्या. फेरिटिन मुद्दाम सांगतेय कारण हिमोग्लोबिन ठीक असतं पण साठवलेलं लोह संपत आलेलं असतं, असं आपल्याकडे बायकांच्यात खूप दिसतं. लोह कमी निघालं तर डॉक्टर देतील त्या गोळ्या घ्याच, त्यांच्या जोडीला हळीव, नाचणी, पालेभाज्या, वरून लिंबू. आणि जेवल्या जेवल्या लगेच चहा नको, चहामुळे जेवणातलं लोह अंगाला लागत नाही.

दुसरी गोष्ट, रेघा वर्षानुवर्षं नाही तर दोन-चार महिन्यांत झपाट्याने वाढल्या, नखं पातळ होऊन उभी चिरायला लागली, किंवा मुळाकडची कातडी नखावर चढत पुढे आली तर लायकेन प्लॅनस नावाचा आजार असू शकतो. त्यात मूळच खराब होतं आणि एकदा तिथे व्रण पडला की नख परत नीट येत नाही, म्हणून तिथे उशीर नको. सुईने टोचल्यासारखे बारीक खड्डे दिसत असतील तर सोरायसिस बघावा लागतो, मग भले अंगावर कुठे चट्टा नसला तरी.

बाकी रोजचं म्हणाल तर अंघोळीनंतर हात ओलसर असतानाच नखांना आणि मुळाच्या कातडीला खोबरेल तेल किंवा व्हॅसलिन चोळा, रात्री झोपताना परत एकदा. नखं अंघोळ झाल्यावर कापा, मऊ असतात, तडकत नाहीत. आणि टीव्हीवर बघून दोन्ही हातांची नखं एकमेकांवर घासणं चालू असेल तर ते सोडा, त्याने केस वाढल्याचा पुरावा नाही आणि ठिसूळ नखांना तो घासा परवडत नाही.

प्रश्न: माझा मुलगा चार वर्षांचा आहे. आधी त्याच्या नखांवर मुळाजवळ आडवी रेघ दिसली, आता तीन बोटांची नखं मुळापासून सुटून वर उचललीयेत. दुखत नाही, खेळतोय, जेवतोय. आम्ही घरात सगळे हादरलोय. बुरशी असेल का? (डोंबिवली)

तुमच्या पत्रात खाली एक ओळ होती, की दीड महिन्यापूर्वी त्याच्या शाळेत हँड फूट माउथची साथ होती आणि त्यालाही तळहातावर, तोंडात फोड आले होते. उत्तर त्यातच आहे.

अंगात जोराचा ताप किंवा मोठं इन्फेक्शन असलं की शरीर नख बनवायचं काम काही दिवस थांबवतं किंवा खूप कमी करतं. मग काम परत सुरू होतं, पण मधली ती खोट नखावर आडव्या खोबणीसारखी राहते आणि नखाबरोबर पुढे सरकते. काम अगदीच बंद पडलं असेल तर जुनं नख नव्यापासून सुटंच होतं, मुलाचं तेच झालंय. हँड फूट माउथनंतर महिना-दोन महिन्यांनी हे होणं अगदी ओळखीचं आहे, फक्त तोवर आजार विसरला गेलेला असतो त्यामुळे कोणी संबंध लावत नाही. बुरशी नाही, अँटीफंगल नको, तुम्ही मेडिकलमधून आणलेली ट्यूब पण नको. सुटलेलं नख ओढू नका, अडकत असेल तर तेवढा भाग अलगद कापा, हवं तर बँडेडने झाका. खालून नवीन नख येतंय, नीट येईल. लाल झालं, सुजलं, पू दिसला तर मात्र दाखवा.

मोठ्या माणसांनीही हे लक्षात ठेवा. या आडव्या रेघांना बो लाइन्स म्हणतात, बो नावाच्या फ्रेंच डॉक्टरांनी १८४६ मध्ये त्यांच्याबद्दल लिहिलं होतं, म्हणून. डेंग्यू, मलेरिया, टायफॉइड, कोविड, मोठं ऑपरेशन, कशानंतरही येऊ शकतात. हाताचं नख महिन्याला साधारण ३ मिलिमीटर वाढतं, त्यामुळे रेघ मुळापासून ६ मिलिमीटरवर असेल तर दोन-अडीच महिन्यांपूर्वी काय झालं होतं ते आठवायचं. पायाचं नख बरंच सावकाश, अंगठ्याला तर वर्ष-दीड वर्ष लागतं पूर्ण बदलायला. घरात कोणाची केमोथेरपी चालू असेल तर दर सायकलची एक अशा एकामागे एक रेघा दिसू शकतात, पेशंट आधीच खचलेला असतो आणि त्यात हे बघून अजून घाबरतो, त्याला आधीच सांगून ठेवा की हे येतं आणि जातं.

आडवी रेघ एकाच बोटावर असेल तर आजार शोधत बसू नका, त्या बोटाला दारात चिमटा बसला होता का ते आठवा.

प्रश्न: वय २६, आयटीत आहे. दोन्ही अंगठ्यांच्या नखांवर मधोमध शिडीसारख्या आडव्या रेघा आहेत, बाकी आठ नखं एकदम मस्त. सगळ्या टेस्ट नॉर्मल. (पुणे)

टेस्ट नॉर्मलच येणार. फक्त अंगठे, फक्त मधोमध, हे वर्णन वाचलं की पहिली शंका सवयीची. मीटिंगमध्ये, फोनवर, विचार करताना तर्जनीच्या नखाने अंगठ्याच्या मुळाची कातडी मागे ढकलत असता का? बहुतेकांना आपण हे करतो हे माहीतच नसतं, शेजारी बसणाऱ्याला विचारा, तो लगेच सांगेल. प्रत्येक ढकलण्याने खालच्या मुळाला धक्का बसतो आणि एक रेघ पडते.

क्रीम, गोळी काही लागत नाही. अंगठ्याच्या नखाच्या मुळावर मायक्रोपोर टेप (दवाखान्यातली कागदी चिकटपट्टी) गुंडाळा आणि रोज बदला, बोट तिथे गेलं की टेप लागते आणि भान येतं. हाताला दुसरं काहीतरी चाळा म्हणून द्या. निदान सहा महिने धरून चाला, त्याआधी पूर्ण नख बदलत नाही त्यामुळे पंधरा दिवसांत फरक नाही म्हणून सोडू नका. आणि हे तुम्हाला अगदी मनापासून सांगते, कितीही ठरवलं तरी हात थांबत नसेल, सोबत धडधड, झोप न लागणं, तीच तीच गोष्ट परत परत करावीशी वाटणं असेल तर मानसोपचारतज्ज्ञांना भेटा. नखं हे तिथलं फक्त वरवर दिसणारं टोक असतं.

प्रश्न: माझं पोळी-भाजी केंद्र आहे, दिवसभर हात पाण्यात, कणकेत. बोटांच्या कडा कायम सुजलेल्या, नखं कडेने वेडीवाकडी, लाटा आल्यासारखी. लोक नखुरडं म्हणतात, लिंबू घालून बघितलं पण जास्तच चुरचुरलं. (कोल्हापूर)

ताई, लिंबू आजपासून बंद. ठणकणारं, पू झालेलं नखुरडं वेगळं, ते एकदम येतं आणि त्याला लगेच डॉक्टर लागतो. तुमचं महिनोन्महिने चाललेलं आहे, हे पाण्याचं आणि साबणाचं दुखणं. नख आणि कातडी यांच्या सांध्यावर एक पातळ पापुद्रा असतो, तो दार बंद ठेवायचं काम करतो. सतत ओलं राहून तो निघून जातो, मग भांड्याचं लिक्विड, कणीक, लसणाचा रस सगळं आत जातं, सूज राहते आणि खाली मूळ असल्यामुळे नखावर लाटा उमटतात. मागून यीस्ट म्हणजे एक प्रकारची बुरशीही येऊन बसते, पण मूळ भांडण ओलाव्याशी आहे.

धंदा बंद करा असं मी सांगणार नाही, ते शक्यही नाही. पण भांडी आणि फरशी शक्य असेल तर मदतनीस बाईंकडे द्या (आणि त्यांनाही ग्लोव्हज द्या, त्यांची पण बोटं आहेत), स्वतः करायचं तर आत सुती मोजा आणि वर रबरी ग्लोव्ह असं घाला, नुसत्या रबरात घाम येऊन परत तेच होतं. हात धुतले की बोटांच्या फटी, नखांच्या कडा कोरड्या करा आणि व्हॅसलिन लावा. पार्लरमध्ये मॅनिक्युअर करताना तो पापुद्रा कापू देऊ नका, कधीच नाही. शुगर तपासून घ्या. सूज उतरायला स्टेरॉइडचं क्रीम लागू शकतं, ते त्वचारोगतज्ज्ञ देतील तेवढंच आणि तेवढेच दिवस, मेडिकलवाल्याने दिलेलं चार औषधं एकत्र असलेलं क्रीम लावू नका. कमी व्हायला वेळ लागेल, पण होईल.

प्रश्न: नखांसाठी बायोटिन गमीज घेतेय, १०,००० मायक्रोग्रॅम. चालेल ना? इथे थायरॉइडचा रिपोर्ट अचानक गडबड आलाय. (न्यू जर्सी)

डॉक्टरांना बायोटिनचं सांगितलंय का? बायोटिन हे बी गटातलं जीवनसत्त्व, मोठ्या माणसाला ते दिवसाला ३० मायक्रोग्रॅम पुरतं आणि ते रोजच्या जेवणातून मिळतं. जास्त डोसचं बायोटिन काही रक्ततपासण्यांमध्ये लुडबूड करतं, थायरॉइड वाढलेला नसताना वाढलेला दाखवू शकतं, आणि हार्ट अटॅकसाठीची ट्रोपोनिन टेस्ट खोटी कमी दाखवू शकतं, अमेरिकेच्या एफडीएने म्हणजे तिथल्या औषध नियामक संस्थेने २०१७ मध्येच याची सूचना काढली होती. निदान दोन दिवस बंद ठेवून, डॉक्टरांना सांगून टेस्ट परत करा, त्याआधी थायरॉइडची गोळी सुरू करू नका. ठिसूळ नखांना थोडा फायदा झाल्याचे छोटे अभ्यास आहेत, पण वयाच्या रेघा त्याने जात नाहीत.

प्रश्न: वय ५२, पुरुष. उजव्या अंगठ्याच्या नखावर एकच काळपट उभी रेघ आहे, वर्षभरात रुंद झालीय. दुखत नाही म्हणून लक्ष दिलं नाही. (म्हापसा)

दादा, तुम्हाला अंक निघायच्या आधीच वेगळं कळवलंय, पण बाकीच्यांसाठी इथेही लिहिते. आपल्या सावळ्या रंगाच्या लोकांमध्ये बऱ्याच नखांवर फिकट तपकिरी रेघा असणं साधारण गोष्ट आहे, वर्षानुवर्षं तशाच असतील तर चिंता नको. पण एकाच नखावर, त्यातही हाताच्या किंवा पायाच्या अंगठ्यावर, मोठ्या वयात नव्याने आलेली, रुंद होत जाणारी, कडा पुसट असलेली रेघ, किंवा काळेपणा नखाबाहेर कातडीवर उतरलेला, हे नखाखालच्या मेलानोमाचं म्हणजे कॅन्सरचं लक्षण असू शकतं. असेलच असं नाही, बहुतेकदा दुसरंच काही निघतं. पण ते डर्मोस्कोपने (त्वचा मोठी करून दाखवणाऱ्या भिंगाने) बघून आणि गरज पडली तर तुकडा काढून तपासूनच ठरतं, आणि लवकर सापडलं तर पूर्ण बरं होण्याची शक्यता खूप जास्त असते. दुखत नाही हे थांबायचं कारण नाही, ते सुरुवातीला दुखतच नाही. आज चांगल्या उजेडात शेजारी पट्टी ठेवून फोटो काढा, नखावर काहीही लावू किंवा घासू नका आणि याच आठवड्यात त्वचारोगतज्ज्ञांकडे जा.