संकासुराला गाव विचारून बघा

तुम्ही विचारलंय: घरी कोकणी, लिहिणं मराठीत, राहणं गोव्यात. तर्काला उलटंपालटं करणारं उपहासाचं लेखन करायचंय, पण ‘मी नेमका कोण’ हेच ठरत नाही. मग सुचणार कसं?

आधी उत्तर गोव्यात पेडण्याकडच्या एखाद्या जत्रेत दशावतार हे लोकनाट्य बघा. मुख्य आख्यानाच्या आधी जो आडदशावतार होतो, तो चुकवू नका. गणपती येऊन गेला, सरस्वती येऊन गेली की संकासूर येतो. काळे कपडे, तोंडावर काळा बुरखा, बाहेर लोंबणारी लाल जीभ. वेद पळवणारा राक्षस, पण बोलतो आपल्या वाड्यावरची बोली. मी लहानपणी पाहिलेल्या संकासुराला सूत्रधाराने गाव विचारलं. त्याने तीन वेळा तीन गावं सांगितली आणि शेवटी म्हणाला, “जंय नळाक उदक येता, तो म्हजो गांव. अजून सोदतां.” म्हणजे, जिथे नळाला पाणी येतं तो माझा गाव, अजून शोधतोय. रोज विहिरीवरून घागरी आणणारी माझी आई सगळ्यांत जास्त हसली होती.

दशावतारात संवाद लिहिलेले नसतात. कथेचा सांगाडा रंगपटात ठरतो, बाकीचं नट उभ्याउभ्या रचतात. बायकांची कामं पुरुष करतात, आणि एका साध्या बाकाचं सिंहासन होतं. पण संकासुराला विष्णू मारणार, हे पक्कं असतं. ते पक्कं असल्यामुळेच मधल्या वेळात त्याला वाटेल ते बोलता येतं. नुसत्या विचित्र गोष्टींची रास घालणारं लेखन मला कंटाळवाणं वाटतं, ते याच कारणाने. त्यात पक्कं काहीच नसतं.

तेव्हा एकच नियम घट्ट धरा. समजा, अर्जात ‘मातृभाषा’साठी एकच चौकोन आहे आणि तुमचा नायक प्रामाणिक आहे. १९८७ च्या राजभाषा कायद्याने देवनागरी कोकणी राजभाषा झाली आणि मराठीलाही सरकारी कामात जागा राहिली, हे तो वाचून आलाय. चौकोन भरण्याआधी तो घरी जाऊन तपासतो, की मांजराला आपण कुठल्या भाषेत हाकलतो. तिथून पुढे त्याला अजिबात सोडू नका. ही अडचण तुमच्या घरातलीच आहे, म्हणून ती तुम्हाला बारकाईने लिहिता येईल.

जत्रांचा हंगाम कार्तिकात सुरू होतो. काही मंडळी आता संकासूर गाळतात, म्हणून आधी चौकशी करा. आणि पुढे बसा. तो प्रेक्षकांतल्या कुणालाही नावगाव विचारतो.